नंदीच्या कानातलं नाव

शहरातल्या सदर भागातल्या त्या सभागृहात पाय ठेवायला जागा नव्हती. व्यासपीठावर फेटा बांधलेले नाममहर्षी डोळे मिटून बसले होते आणि आडनावावरून रोग सांगत होते. "पोटदुखे? मंग पोट दुखणारच, माय! हाडके? सात पिढ्यांच्या हाडात शाप!" या हिशेबानं माझ्या, सुखदेवेच्या, घरी सुखाचा पूर यायला हवा होता. अहो, आडनावं गावावरून पडतात, धंद्यावरून पडतात, एखाद्या खापरपणजोबाला कुणी चिडवलं त्यावरूनही पडतात. पण ऐकतो कोण!

मी विज्ञानाचा शिक्षक. आलो होतो माझ्या वर्गातल्या रेवती हाडकेसाठी. पोरीला सिकलसेल, म्हणजे रक्ताचा जन्मजात आजार. महाराजांनी तिचं नाव 'तेजश्री' केलं आणि नवं नाव अंगी लागेपर्यंत गोळ्या बंद करायला सांगितल्या. तिच्या बापानं, अंकुशनं, महिन्यापासून त्या बंद केल्या होत्या.

"काहून बंद केल्या गा?" मी चिडून विचारलं.

"सर, महाराजानं रेवतीचं पाळण्यातलं गुप्त नाव सांगतलं ना! बारशाले माह्या बहिणीनं, यमुताईनं, पोरीच्या कानात सांगतलं होतं. मले बी ठाऊक नव्हतं."

दर्शनाआधी ते गुप्त नाव दारातल्या पितळी नंदीच्या कानात सांगायचं, असा नियम होता. देवळात नंदीला आपण गाऱ्हाणं सांगतोच. शंका कुणाला येणार? मीही वाकलो आणि कुजबुजलो, "माझ्या मुलीचं नाव सल्फ्युरिका."

महाराज मला पाहून थरथरले. "तुझ्या कन्येचं गुप्त नाव... सल्फ्युरिका! प्राचीन नाव. अर्थ, तेजानं न्हालेली!"

टाळ्यांचा कडकडाट झाला.

"महाराज, मले पोरगीच नाही," मी ओरडलो. "अन् सल्फ्युरिक म्हणजे बॅटरीतलं ॲसिड!"

धावत जाऊन नंदीच्या कानात बोटं घातली, तर वायरसकट माइक बाहेर आला. फेटा ओढला, तर खाली इअरफोन.

अंकुशसोबत आलेल्या यमुताई नंदीजवळ आल्या. "म्हणजे मीच सांगतलं वं माय, नंदीले..."

चार माणसं हसली. बाकीचे "पण नाव तर बरोब्बर सांगतलं ना?" म्हणत पुन्हा रांगेत उभे राहिले. महाराज पुढच्या आठवड्यात दुसऱ्या गावी बसले.

अंकुशनं त्याच दिवशी गोळ्या सुरू केल्या, पण तोवर रेवतीची छाती भरून श्वास अडकू लागला होता. दवाखान्यात तिनं फार दिवस काढले नाहीत.

स्मशानघाटावर अंकुश माझा हात धरून म्हणाला, "सर, तेजश्री नाव तिले जड गेलं असंन. दुसरं ठेवाले पाहिजे होतं."

तेव्हा न बोललेलं इथं लिहितो. नाव आपण हौसेनं ठेवतो, त्यानं रक्त बदलत नाही. कुणीही सांगो, डॉक्टरला विचारल्याशिवाय औषध बंद करू नका. रेवती हे चांगलं नाव होतं. पोर गेली ती गोळ्या बंद केल्यानं.