पिशवीखालचे पाय

जपानी सैन्य मनिलाकडे पळालं आणि महिन्याच्या आतच सान रोके गावानं आपला फितूर शोधून काढला. चर्चच्या अंगणातल्या चिंचेला आम्ब्रोसियोला करकचून बांधलं होतं. परगावाहून आलेला, भांड्यांना डाग देणारा माणूस. जपान्यांची पातेलीही त्यानं सांधली होती, गावाला तेवढं पुरलं.

"हाच तो! पिशवी घालून हाच मान हलवत होता!" क्रिस्पुलो ओरडला.

क्रिस्पुलोची बायको बासिलिसा बायकांच्या घोळक्यात उभी होती.

गेल्या पावसाळ्यात याच अंगणात जपान्यांनी गावाला रांगेत उभं केलं होतं. ताडपत्रीची पिशवी डोक्यावर ओढलेला एक माणूस रांगेसमोरून फिरला. ज्याच्यापुढे त्यानं मान हलवली, त्याला नेलं. नेलेल्यांतला एकही परतला नाही. तोमासाचा एकुलता एक लेकही त्यातच गेला. वर बघायची सोय नव्हती, म्हणून बासिलिसानं फक्त त्या माणसाचे पाय पाहिले. डाव्या पायाचा अंगठा शेजारच्या बोटावर चढलेला. त्याच पायांना ती खोबरेल चोळायची. तेव्हापासून ती गप्प होती.

कुणीतरी कोयता आणला.

"सोडा त्याला," ती म्हणाली. कुणाला ऐकू गेलं नाही, तशी पुढे होऊन म्हणाली, "ते पाय माझ्या नवऱ्याचे होते."

आता गलका होईल, आपल्याला मारतील, असं तिला वाटलं.  पण सगळ्यांच्या माना खाली गेल्या.

"म्हणजे... तुम्हालाही ठाऊक होतं?" बासिलिसानं विचारलं.

होडीवाला सिक्स्तो पुटपुटला, "माझ्या दोन्ही पोरांसमोरून तो नुसताच पुढे गेला गं. मग मी कुठल्या तोंडानं बोलू?"

त्या दिवशी तापानं फणफणून घरी पडलेली म्हातारी तोमासा तेवढी एकेकाच्या तोंडाकडे बघत राहिली.

"माझ्या दारात येऊन रडलात की रे! माझ्या हातचं जेवलात!"

"त्यांनी तुला उचलायची धमकी दिली होती, बासा," क्रिस्पुलो म्हणाला. बासिलिसानं त्याच्याकडे बघितलं नाही. जपान्यांशी लढणारे, डोंगरातून उतरलेले बंडखोर क्रिस्पुलोला घेऊन गेले.

आम्ब्रोसियोचे दोर तिनंच सोडले. त्यानं आपली पेटी उचलली आणि नदीची वाट धरली.

रविवारी चर्चमध्ये तोमासा पहिल्या बाकावर एकटीच बसली. बाकी गाव मागच्या बाकांवर दाटीवाटीनं बसलं होतं. बासिलिसा दारापर्यंत आली, पण तिला आत पाऊल टाकवेना.