तेरा ठिकाणी कापलेलं नाव

ज्यांचं कोणी ऐकत नाही अशा बायकांवर मी माहितीपट करते. निर्माती मीच, संकलकही मीच, आणि चहाचे कप विसळणारीही मीच. पहिल्या फिल्मच्या वेळी मी ढसाढसा रडले होते. आता सतरावी चालू आहे. समोर बाई कितीही रडू दे, मला फक्त कापायची जागा दिसते. काही वाटतच नाही, त्याला मी काय करू?

फिल्म चॅनेलकडे जाण्याआधी प्रत्येकीने येऊन आपला भाग बघायचा, हा माझा नियम. नको म्हणाली, तर तो काढायचा.

एका दुपारी या फिल्ममधल्या मावशी आपला भाग बघायला आल्या. हॉटेलांच्या चादरी धुणाऱ्या कारखान्यात त्या इस्त्री करतात. घरी सांभाळायला कोणी नाही म्हणून चार वर्षांच्या मुलीला कामावर न्यायच्या. वाफेचा नळ फुटला आणि मुलगी गेली. कारखान्याच्या अहवालात लिहिलं, 'एक मूल'. सासरी तर सगळ्यांनी तोंडात मिठाची गुळणी धरलेली.

मावशींनी आपल्या भागाची सातही मिनिटं पापणी न लववता पाहिली.

"ताई, तिचं नाव कुठे गेलं?"

"कापलं. मुलांची नावं ठेवत नाही आपण. चॅनेलचा वकील हात धुऊन मागे लागतो."

"सगळीकडे कापलं?"

"तेरा ठिकाणी."

"मुद्दाम घेत होते मी दर वेळी. तेवढ्यासाठीच तर आले तुमच्याकडे. बाकीचं सगळं आहे की कारखान्याच्या कागदात."

"हवं तर तुमचा भागच काढते."

"काढू नका. नाव सांगा बघू. तुम्ही तर रोज ऐकलंत मला."

नावं मी पहिल्याच फेरीत काढते. बोलण्याचा टाइप केलेला मजकूर समोर ठेवून, आवाज बंद करून. त्यानंतर या बाईला चाळीस वेळा ऐकलं होतं आणि तिच्या मुलीचं नाव मला आठवत नव्हतं.

"नाही येत सांगता," मी म्हणाले.

मावशी चिडल्या नाहीत. चिडल्या असत्या तर बरं झालं असतं.

मी मूळ रेकॉर्डिंग उघडलं. एकेक करत तेराही ठिकाणी नाव परत बसवलं. चॅनेलने फिल्म नाकारली तर वर्षभराचं काम पाण्यात जाणार होतं. जाऊ दे म्हटलं. तेव्हाही आत काही हललं नाही, नुसते हात चालत होते.

"आता तुम्ही म्हणा," मावशी म्हणाल्या.

मी नाव घेतलं.

"असं नाही. ही तर हजेरी झाली. ती बाहेर खेळतेय, जेवायला बोलवायचंय. तसं म्हणा."

मी दाराकडे तोंड करून हाक मारली. कोणी आलं नाही. पुन्हा हाक मारायला गेले, तर आवाजच फुटेना.