हद्दीचा देव

कोलशेतच्या खाडीवर मोजणी आली त्या दिवशी भिवाजी पहार घेऊन उभा होता आणि त्याचा चुलतभाऊ नाथा कोयता घेऊन. असल्या तयारीने आलेल्यांना नकाशा काय समजावणार, कपाळ?

भांडण होतं नाथाच्या खळ्याचं. खाडीकडची जमीन नाथाची, तिच्या मागची भिवाजीची. नाथाची बायको मंजुळा त्या खळ्यात जवळा सुकवायची आणि त्यावरच त्यांचं घर चालायचं. कुणाची हद्द कुठे, हे आजवर कुणी विचारलं नव्हतं. मग कारखान्यासाठी जागा बघणारी माणसं ठाण्याहून येऊ लागली, भिवाजीच्या तोंडाला पाणी सुटलं आणि त्याने मोजणीचा अर्ज केला.

दोन्ही जमिनींच्या मध्ये सरकारने पुरलेला दगड होता. पण आमच्या लोकांना सरकारचा दगडसुद्धा नुसता राहू देववत नाही. त्याला शेंदूर लागला, नारळ फुटू लागले, आणि तो दोन्ही घरांचा देव होऊन बसला.

मोजणीदार हरिहर बापट शांत गृहस्थ. त्यांनी गावातल्या पक्क्या खुणांपासून साखळी ओढली, नकाशा पाहिला, पुन्हा ओढली.

"हा दगड जागेवर नाही," ते म्हणाले. "मूळ हद्द तिकडे, पाण्याच्या काठाशी आहे. हे खळं भिवाजींच्या जमिनीत येतं."

"आन माजी जमीन?" नाथाने विचारलं.

बापटांनी खाडीकडे बोट दाखवलं. काठ ढासळत गेला होता आणि नाथाची सगळी जमीन पाण्याखाली होती.

"चोरा, द्येव सरकवतोस?" म्हणत भिवाजीने नाथाच्या कानाखाली लगावली. नाथाने कोयत्याच्या मुठीने त्याचं नाक फोडलं. दोघे चिखलात लोळले, एकमेकांचे गळे आवळत. चार जणांनी ओढून त्यांना वेगळं केलं.

तेवढ्यात भिवाजीची आई मनुबाई गर्दीतून पुढे आली.

"नाथानं न्हाय, मी हलवला," ती म्हणाली. "उधानाचा पानी द्येवाच्या गल्यापर्यंत यायचा. द्येव बुडवू काय?"

काठ खचला की म्हातारी गडी लावून देवाला मागे आणायची. पोटच्या पोराची जमीन आपण कमी करतोय, हे तिच्या गावीही नव्हतं. तिच्या लेखी फक्त देवाने घर बदललं होतं.

खरं तर इथे सगळं संपायला हवं होतं. नाथा चोर नव्हता आणि भिवाजीला जमीन मिळाली होती. पण चारचौघांत नाक फुटलेल्या माणसाला जमिनीचं समाधान कुठलं? त्याने देवाखाली पहार घातली.

"त्याच्या जागेवर टाकतो. बुडू दे."

मनुबाईने दगडाला मिठी मारली. भिवाजीने तिला केसांना धरून फेकलं. बांधावर आपटून तिचं कपाळ फुटलं, डोळ्यांत रक्त उतरलं. या वेळी नाथाने कोयत्याची मूठ नाही, धार वापरली. एकच घाव, मानेवर. भिवाजी आईच्या पायांशी कोसळला आणि तिथेच गेला.

नाथाला जन्मठेप झाली. हद्द कायम झाली ती नकाशाप्रमाणेच. भिवाजीला बायकापोरं नव्हती, त्यामुळे खळं मनुबाईच्या नावावर चढलं.

मंजुळा आपल्या टोपल्या आणि फाटकी जाळी न्यायला आली, तेव्हा म्हातारी खळ्यातच बसली होती. कपाळावरच्या खोकेचा व्रण अजून लाल होता. मंजुळाने खाली मान घालून टोपल्या गोळा केल्या.

"ठेव त्या," मनुबाई म्हणाली. "जवला इथंच घाल. तुज्या पोरांनी काय उपाशी मरावं?"

मंजुळा रडायला लागली, पाया पडायला वाकली. म्हातारीने पाय आखडून घेतले.

"पन एक सांगून ठेवतंय. तुजा घरवाला सुटून आयला आन या खल्यात त्यानं पाय ठेवला, तर तो कोयता मी उचलीन."