बिनअपघाती दिवसांचा फळा

मित्रांनो, फळा म्हटलं की तुम्हाला शाळा आठवते. खडू, डस्टर, कोपऱ्यातला सुविचार. मी तसला विद्वान फळा नव्हे. जालन्याच्या औद्योगिक वसाहतीत लोखंडी शेड बनवणारा एक कारखाना आहे. त्याच्या फाटकाजवळ टांगलेला मी एक जुना पत्र्याचा फळा. माझ्यावर ना गणित असतं, ना कविता. 'अपघाताविना झालेले दिवस' एवढी एकच ओळ माझ्यावर पांढऱ्या रंगात कायमची रंगवलेली आहे. तिच्यापुढे रोज सकाळी खडूनं एक आकडा लिहितात. त्या आकड्यापायी मी एके काळी फार भाव खाल्ला. आता त्याचीच लाज वाटते. सांगायला जड जातं, पण न सांगून आधीच पुष्कळ नुकसान झालेलं आहे.

एका बियाणे कंपनीच्या गोदामाचं छप्पर पुरं झालं आणि जो तुकडा उरला, तो मी. मला कापलं, घासलं आणि हिरवा रंग दिला तो कडूबानं. राजूरच्या बाजूला त्याचं गाव. तिथून रोज मोटारसायकलवर यायचा. वय पन्नाशीचं, आणि त्यातली चोवीस वर्षं ह्याच शेडमध्ये लोखंड कापण्यात नि जोडण्यात गेलेली. माझ्या चारही कडा त्यानं घासून अगदी गुळगुळीत केल्या. कोणी म्हणालं, फाटकावर टांगायच्या पत्र्याला एवढं काय करायचं?

"कोणाचा हात लागंल, कापंल," एवढंच तो म्हणाला आणि घासत राहिला.

मी कशासाठी जन्माला आलो, तेही ऐका. पूर्वी ह्या शेडमध्ये चाळीस माणसं होती. आसपास कोणी गोदाम बांधो की कापसाचं जिनिंग, सांगाडा इथेच बनायचा. मग बाहेरचे मोठे कारखाने यंत्रांवर तयार केलेल्या अख्ख्या शेडी ट्रकांत भरून पाठवू लागले. लोखंडाचा भाव सकाळी एक, संध्याकाळी दुसरा. चाळिसांची अकरा माणसं उरली, आणि तीही ठेकेदाराच्या नावावर. काम किलोवर. जेवढं लोखंड तयार होईल, तेवढी मजुरी. डोळ्यांवर लावायचे चष्मे होते, पण जुने, ओरखडे पडलेले. घामानं त्यांच्यावर वाफ धरायची आणि पुढचं काही दिसायचं नाही. सारखं पुसत बसावं तर काम मागे पडायचं. म्हणून ते चष्मे सगळ्यांच्या गळ्यात लोंबत असायचे. फाटकावरून मला ते रोज दिसायचे.

कारखान्याचे मालक श्रेणिकशेठ. त्यांचे आजोबा राजस्थानातून आले आणि इथलेच झाले. शेठ वाईट माणूस नाही, हे मी आधीच सांगून ठेवतो, कारण पुढचं ऐकून तुम्ही सगळा दोष त्यांच्या माथी माराल आणि मी सुटेन. तसं व्हायला नको. पुण्याच्या एका कंपनीला शेतांत सौर पंपांचे पॅनेल उभे करायला हजारो लोखंडी सांगाडे हवे होते. शेठ त्या कामाच्या मागे होते.

"आजकाल माल चांगला असून भागत नाही, कडूबा," त्यांनी सगळ्यांना जमवून सांगितलं. "ही पार्टी आधी रेकॉर्ड बघते. वर्षभर एकही ॲक्सिडेंट नको. फळा लावा, रजिस्टर ठेवा. तीनशे पासष्ट दिवस बराबर निघाले की काम आपलं. आणि काम आलं की तुम्ही अकराच्या अकरा जण ठेकेदाराकडून आपल्या कंपनीत. कायम."

कायम हा शब्द ऐकून कडूबानं हातातलं फडकं खांद्यावर टाकलं आणि मला सरळ टांगलं आहे की नाही, ते पुन्हा एकदा पाहिलं.

तर मित्रांनो, असा मी कामाला लागलो. ऑफिसात वंदना नावाची एक हिशेबनीस होती. ती सकाळी सगळ्यांच्या आधी यायची. ओल्या फडक्यानं कालचा आकडा पुसायची आणि आजचा लिहायची. अक्षर मोत्यासारखं. शंभर झाले तेव्हा शेठनी पेढे वाटले. दोनशे झाले तेव्हा सगळ्यांना स्टीलचे डबे मिळाले आणि माझ्याशेजारी उभं राहून फोटो निघाले. मला छाती नाही म्हणून, नाहीतर ती फुगून मी खिळ्यावरून निखळलो असतो. येणारा-जाणारा ट्रकवालासुद्धा थांबून मला वाचायचा. शेजारच्या कारखान्यातले लोक म्हणायचे, "मानलं बुवा तुम्हाला."

पण मला काय काय दिसत होतं, तेही सांगतो. एकशे तिसाव्या दिवशी एकाच्या मनगटावर तापलेला तुकडा पडला. त्यानं रुमाल गुंडाळला आणि आठवडाभर पूर्ण बाह्यांचा शर्ट घातला. दोनशे चाळिसाव्या दिवशी संपतच्या पायावर लोखंडी अँगल पडला. संपत हा तिशीतला, दोन लेकरांचा बाप. तो जेवणाच्या सुट्टीत लंगडत फाटकाबाहेर गेला आणि पट्टी बांधून आला. कोणी विचारलं तर म्हणाला, घरी पायरीवरून पडलो. शेठनी त्यांना लपवायला सांगितलं नव्हतं. आकड्यानं सांगितलं होतं. दुसऱ्या सकाळी मी एकानं वाढायचो आणि खुशाल मिरवायचो.

सतरा फेब्रुवारीला माझ्यावर तीनशे त्रेपन्न लिहिलेलं होतं. सकाळी साडेदहाच्या सुमारास शेडमधून काहीतरी फुटल्याचा आवाज आला. कडूबाच्या हातातल्या, लोखंड कापायच्या ग्राइंडरची चकती तुटली होती. चष्मा गळ्यात होता. तो डावा डोळा तळहातानं दाबून ऑफिसाकडे आला. वंदनानं औषधांची पेटी उघडली, पाणी दिलं आणि दुसऱ्या हातानं अपघाताचं रजिस्टर ओढलं.

"ताई, लिहू नका," कडूबा म्हणाला.

"कडूबाभाऊ, रक्त आलंय डोळ्यात. दवाखान्यात चला आधी."

"काही न्हाई, जरा कचरा गेल्ता. निघाला बी असंल. बारा दिवस राह्यले, ताई. आत्ता लिहिलं तर दहा माणसं मला काय म्हणतील? एकट्या माझ्यापायी सगळ्यायचं जाईल."

ते दोघं माझ्यापासून चार हातांवर उभे होते. वंदनानं एकदा रजिस्टरकडे पाहिलं, एकदा माझ्याकडे. मग तिनं रजिस्टर मिटलं. दुसऱ्या सकाळी माझ्यावर शून्य यायला हवं होतं. तीनशे चोपन्न आलं. अक्षर तेवढं मोत्यासारखं नव्हतं.

पुढे रोज मी पाहत होतो. डोळा लाल झाला, मग सुजला. कडूबा मेडिकलमधून थेंब आणून घालायचा आणि एका डोळ्यानं काम करायचा. पाचव्या दिवशी शेठनी त्याला फाटकात गाठलं.

"काय कडूबा, डोळे आले काय?"

"हो शेठ. साथ चालू हाय."

चकती फुटल्याचं शेठना ठाऊक होतं. नवी चकती त्यांनीच काढून दिली होती. तरी त्यांनी मान हलवली, "जपा," म्हणाले आणि गाडीत बसले. साथ असावी असं त्यांना फार वाटत होतं, एवढंच मी म्हणेन. मलाही वाटत होतं. तीनशे अठ्ठावन्न दिवस वाढल्यावर कोणाला शून्य व्हावंसं वाटेल?

एक मार्चला तीनशे पासष्ट झाले. मला झेंडूचा हार घातला. पुण्याची माणसं आली, माझा फोटो काढून घेऊन गेली आणि काम मिळालं. कडूबा त्या दिवशी रांगेत सगळ्यांत मागे, डोळ्यावर काळा चष्मा लावून उभा होता. दोन तारखेला तो संभाजीनगरच्या मोठ्या दवाखान्यात गेला. तिथलं मला फाटकावरच्या बोलण्यातून कळलं. डोळ्यात लोखंडाचा बारीक तुकडा रुतलेला होता आणि आत सगळं सडलं होतं. लागल्या लागल्या आणलं असतं तर काही करता आलं असतं, असं डॉक्टर म्हणाले. कुठं लागलं, असं त्यांनी विचारलं, तेव्हा कडूबानं शेतात लाकूड फोडताना, असं सांगितलं. कागदावर तेच लिहिलं गेलं. कामगार विम्याचा त्या डोळ्याशी संबंध संपला. डोळा काढावा लागला.

दवाखान्याचा खर्च शेठनी दिला. कायम करायचं मात्र लांबलं. लोखंडाचा भाव उतरला होता, पुण्याच्या कंपनीनं दर कापले होते, पुढच्या तिमाहीत बघू म्हणाले. एका डोळ्याच्या माणसाला ग्राइंडर देता येत नाही, म्हणून कडूबाला फाटकावर बसवलं. माझ्या बरोबर खाली त्याचं स्टूल होतं. तो माझ्याकडे पाठ करून बसायचा. साडेतीन महिन्यांत त्यानं एकदाही वर पाहिलं नाही, आणि वर पाहिलं असतं तर मी कुठं तोंड लपवलं असतं?

एप्रिलमध्ये त्याची बायको दुर्गाबाई त्याचा विसरलेला डबा घेऊन आली. कडूबा आत गेला होता. वंदना फाटकातच उभी होती. दुर्गाबाईला अक्षरं येत नव्हती, आकडे येत होते.

"चारशे बारा. हे कशाचे हायेत, ताई?"

वंदनानं सांगितलं.

दुर्गाबाईनं पुन्हा एकदा आकडा पाहिला. "मंग ह्यायचा डोळा कोणत्या दिवशी गेला?"

दुर्गाबाई डबा स्टुलावर ठेवून निघून गेली. मित्रांनो, त्या दिवशी मला उन्हात तापायलाही लाज वाटत होती.

मग जूनची पंधरा तारीख आली. माझ्यावर चारशे एकाहत्तर होते. दुसऱ्याच दिवशी पुण्याची माणसं पुन्हा येणार होती, पुढच्या वर्षाचं काम द्यायचं की नाही ते ठरवायला. दुपारी संपत शेडमधून बाहेर आला. उजवा डोळा घट्ट मिटलेला, त्यातून पाणी गळत होतं. रुमालाच्या टोकाला पीळ देऊन तो डोळ्यात घालायच्या बेतात होता.

"काय झालं रे?" कडूबानं विचारलं.

"काही न्हाई मामा. जरा कचरा गेल्ता."

कडूबा उठला. त्यानं संपतचा हात धरून रुमाल काढून घेतला. "मी बी हेच म्हणलो होतो," तो म्हणाला. मग त्यानं वंदनाला हाक मारली. "ताई, गाडी काढा. ह्याला आत्ताच्या आत्ता डोळ्याच्या दवाखान्यात न्या. कारखान्यात लागलं म्हणून सांगा. ग्राइंडरवर."

"मामा, उद्या लोकं येणारेत," संपत म्हणाला.

"येऊ दे."

वंदना त्याला स्कूटरवर घेऊन गेली. कडूबानं माझ्या खाली ठेवलेलं फडकं उचललं आणि पहिल्यांदा माझ्याकडे तोंड केलं. चारशे एकाहत्तर पुसले. मग खडू घेतला आणि शून्य काढायला हात पुढे केला. खडू माझ्यापर्यंत पोचलाच नाही. चार बोटं अलीकडेच, हवेत, त्यानं एक गोल काढला. एकाच डोळ्याला मी किती लांब आहे ते कळत नव्हतं. तो थांबला. डावा हात पुढे करून त्यानं आधी मला चाचपलं, तळहात माझ्यावर टेकवला आणि त्याच्या शेजारी शून्य लिहिलं. तो हात माझ्यावर होता तोवर मला वाटत होतं, मी आपला गोदामावरच छप्पर म्हणून गेलो असतो तर बरं झालं असतं.

संध्याकाळी शेठ आले. शून्य पाहून त्यांचा चेहरा उतरला.

"कोणी लिहिलं?"

"म्या, शेठ. संपतच्या डोळ्यातून तुकडा काढलाय. डोळा राह्यला त्याचा."

खडू तिथंच होता, फडकंही ओलं होतं. शेठनी दोन्हींना हात लावला नाही.

दुसऱ्या दिवशी पुण्याची माणसं आली. त्यांच्यातल्या मोठ्या बाईंनी माझ्यावरचं शून्य पाहिलं, काल काय झालं ते ऐकून घेतलं, आणि विचारलं, "ह्याच्या आधीचा अपघात कधी झाला होता?"

शेठनी खाली पाहिलं. कडूबा स्टुलाशेजारी उभा होता. मागून वंदना पुढे आली.

"सतरा फेब्रुवारी, सकाळी साडेदहा," ती म्हणाली. "ह्यांचा डोळा गेला. दुसऱ्या दिवशीचा आकडा मी लिहिला."

"मला माहीत होतं," शेठ हळूच म्हणाले.

काम पुरतं गेलं नाही. निम्मं राहिलं, आणि तेही नवे चष्मे नि चकत्यांवरची झाकणं बसवल्यावर. कायम करायचा शब्द अजून शब्दच आहे. कडूबाच्या विम्याचा अर्ज मात्र खऱ्या तारखेनं गेला. वंदना त्याच्या मागे आहे. आज माझ्यावर नऊ लिहिलेलं आहे. कोणाला लागलं की आता लिहितात, म्हणून तेव्हापासून मी एकदाही चाळिसाच्या पुढे गेलेलो नाही. पाहुणे आता माझ्याशेजारी फोटो काढत नाहीत.

मित्रांनो, तुम्हीही उद्या कुठंतरी कामाला लागाल. तिथं माझ्यासारखा एखादा फळा असेल, आणि त्याच्यावरचा आकडा मोडू नये असं सगळ्यांना वाटत असेल. तिथं कोणी विचारलं, लागलं का, आणि लागलेलं असेल, तर लागलं म्हणा. कडूबाला त्या दिवशी एवढंच म्हणायचं होतं. माझ्यामुळे त्याला ते म्हणता आलं नाही.