रानलोकांचा बारशिंगा

धाकटीला बारशिंगा मिळाला, तेव्हा ताईच्या डाव्या डोळ्यात थोडा उजेड शिल्लक होता. उजवा केव्हाच गेला होता. डाव्याबद्दल डॉक्टरीणबाईंनी आडपडदा न ठेवता सांगितलं होतं, "आज दिसतंय ते पुढच्या आठवड्यात दिसेलच, असं मी म्हणणार नाही." ताई म्हणायची, किल्लीच्या भोकातून जग बघतेय असं वाटतं, आणि ते भोकही कुणीतरी मेणाने बुजवत आणलंय.

दोघी बहिणी गणवेशांच्या कारखान्याच्या वरच्या दोन खोल्यांत राहत. जन्मभर खालीच काम केलं. ताई बेतायची, धाकटी शिवायची. ताईची कात्री कापडावरून गेली की पुन्हा खडूला हात लावायची गरज पडत नसे, असं मालकही म्हणत. दोघींनी लग्नं केली नाहीत, एक चूल केली. म्हातारपणी हात रिकामे झाले तेव्हा भाचीने जाता जाता आपला कॉम्प्युटर त्यांच्याकडे ठेवला, त्यावर हा खेळ लावून दिला आणि ती दूरदेशी नोकरीला निघून गेली. "मावश्यांनो, भांडू नका," एवढंच बजावून.

खेळात डोंगर होते, जंगलं होती, जगभरची माणसं आपापल्या घरून येऊन त्यात हिंडत. दोघींनी बुटक्या, दणकट खडकलोकांपैकी दोन बाया घेतल्या. खडकलोकांचं वाहन म्हणजे मेंढा. तो असा उधळत चालायचा की बघणाऱ्याच्याही कंबरेत उसण भरावी. ताई वैतागायची. "हे काय वाहन आहे? त्यापेक्षा पायी गेलेलं बरं!"

मग एकदा तिने तळ्यावर रानलोकांपैकी एकीला पाहिलं. पांढऱ्या बारशिंग्यावर बसून ती बाई सरळ पाण्यावरून निघून गेली. बारशिंग्याचे खूरसुद्धा भिजले नाहीत. ताईने धाकटीचा दंड धरला. मग म्हणाली, "चिमे, मला मी तिथे बसलेली बघायचीय. एकदाच. हा डोळा आहे तोवर."

परक्या लोकांचं वाहन विकत मिळत नसे. त्यांच्या गावात जाऊन, त्यांची कामं करून पत कमवावी लागे. पत वाढत जाई त्या पायऱ्यांची नावं इंग्रजीत लिहून येत. बहिणींनी त्यांना आपली नावं दिली होती: अनोळखी, ओळखीची, स्नेही आणि सगळ्यात वर आप्त. आप्त झाल्याशिवाय बारशिंगा नाही.

धाकटीने कंबर कसली. रानलोकांची हरवलेली पाडसं काखोटीला मारून त्यांच्या आयांकडे पोचवली, झाडांवरची कोळिष्टकं जाळली, खेळातल्या खेळात कापड विणून त्यांच्या वेशीवर गठ्ठे नेऊन टाकले. वेशीवरचा रखवालदार आधी "चालती हो" म्हणायचा, मग नुसता मान हलवायला लागला, मग "ये बाई" म्हणायला लागला. सगळं तिने स्वतःच्या बाईवरच केलं. तिची बाई चपळ होती, ताईची मागेच पडलेली होती. दोघी एकाच टोळीत होत्या, त्यांची पेटी सामाईक होती. धाकटीने त्यात टाकलेली चिलखतं ताईची बाई काढून घालायची. मग पत तेवढी वेगळी कशाला असेल? खाली कारखान्यात कधी वेगळी होती? धाकटीची एखादी शिवण उसवली तर लोक म्हणत, "बहिणींचं काम बिघडलं." ताईने कोट नेटका बेतला तर धाकटीलाही सलाम मिळे. सगळ्या गल्लीत दोघींचं मिळून एकच नाव होतं.

"ताई! झालं गं! आप्त झालो आपण!" ती ओरडली.

ताई भिंतीला हात लावत आली, स्टुलावर बसली आणि स्क्रीनला नाक टेकेल इतकी वाकली. "दाखव. माझी कुठाय?"

धाकटीने स्वतःची बाई बंद करून ताईची उघडली. पेटी उघडली. चिलखतं होती, दोऱ्याची रिळं होती, कुणाचा तरी फुटका दिवा होता. बारशिंगा नव्हता. वाहनांच्या खान्यात तोच मेंढा दात विचकत उभा होता.

"काय झालं?"

"काही नाही. लोड होतंय. तू बस, मी आलेच."

ती फोन घेऊन स्वयंपाकघरात गेली आणि नळ सोडून ठेवला. भाचीने दुसऱ्या रिंगलाच उचलला.

"चिमामावशी! मिळाला?"

"मिळाला. पण ताईच्या बाईकडे येत नाहीये. पेटीतून कसा द्यायचा?"

"मावशी, तू पत कोणाच्या नावावर कमावलीस?"

"कोणाच्या म्हणजे? आमच्या."

"तसं नसतं गं. पत ज्याची त्याची असते. वाहन देता येत नाही कुणाला. ताईमावशीच्या बाईने स्वतः कमवायला हवी."

"पण पेटी तर एकच आहे!"

"पेटी वस्तूंची असते. पत पेटीत राहते का, मावशी?"

धाकटीने ओट्याची कड धरली. "तू सांग ना त्या लोकांना. खेळ ज्यांनी केलाय त्यांना लिही. म्हणावं, बाई आंधळी होत चाललीय. एकच दिवस तिला बारशिंगा द्या."

"लिहिते. पण ते उत्तर द्यायलाच किती दिवस लावतील... मावशी? रडतेयस?"

"नळ चालू आहे," धाकटी म्हणाली आणि फोन ठेवला.

बाहेरून ताईचा आवाज आला. "सापडला का गं? की पळाला तुझा बारशिंगा?"

पहिल्यापासून सगळं करायचं म्हणजे कित्येक आठवडे. तिच्याजवळ आठवडे होते. ताईजवळ नव्हते. धाकटी बाहेर आली, तोवर तिने मनाशी ठरवलं होतं. आयुष्यात ती ताईशी खोटं बोलली नव्हती असं नाही. पण गिऱ्हाइकाला जुन्या कापडाचा कोट नवा म्हणून विकावा तसं काही तिने कधी केलं नव्हतं.

तिने पुन्हा स्वतःची बाई उघडली. खेळातल्या न्हाव्याकडे नेऊन तिच्या तांबड्या वेण्या ताईच्या बाईसारख्या पांढऱ्या केल्या. पेटीतून ताईच्या आवडीची निळी शाल काढून तिच्या खांद्यावर टाकली. आता दोघी मुठीएवढ्या आकाराच्या म्हाताऱ्या, कोण ओळखणार? तिला बारशिंग्यावर बसवलं.

"ही बघ. तू."

ताईने तोंडावर हात ठेवला. "अगं बाई... केवढा उंच आहे! आणि पांढरा?"

"पांढराशुभ्र."

"मी पडणार नाही ना?"

"मी धरलंय."

धाकटीने बारशिंगा झाडांमधून तळ्याकडे काढला. ताई डोकं तिरकं करून, उरल्यासुरल्या फटीत चित्र आणायला धडपडत होती. तिचे ओठ लहान मुलीसारखे उघडे राहिले होते. धाकटीला वाटलं, झालं, एवढंच हवं होतं, आता काही बिघडू देऊ नकोस देवा. तळ्याच्या काठाशी एक ओंडका आडवा पडला होता. बारशिंग्याने त्यावरून उडी घेतली आणि पाठीवरची बाई बारीक आवाजात चिरकली, "ई!"

ताई सरळ झाली.

"थांबव."

"का गं? पाणी तर पुढेच आहे."

"ही मी नव्हे." ताईचा आवाज अगदी सपाट होता. "माझी उडी मारताना हुंकार देते. मीच निवडला होता तो आवाज, घोगरा. ही चिरकली. ही तू आहेस."

धाकटीचे हात कळफलकावरून खाली पडले.

"डोळे गेलेत माझे, चिमे. कान नाही गेले."

"ताई, मला वाटलं पत दोघींची असते. मी इतके दिवस... सगळं तुझ्यासाठीच गं. चूक झाली. आता वेळ नाही, म्हणून म्हटलं..."

"म्हणून म्हटलंस, म्हातारीला काय कळतंय. दुसऱ्याचं दाखवून तुझंच आहे म्हणावं." ताई उठली, स्टूल मागे पडलं. "दुसऱ्याने बेतलेल्या कोटाला कधी माझं नाव लावलंय मी? आणि तू मला माझ्याच डोळ्यांदेखत..." ती भिंतीशी गेली, तिथे कपाळ टेकून उभी राहिली. तिची पाठ हलत होती. धाकटीने कित्येक वर्षांत ताईला रडताना पाहिलं नव्हतं. जवळ जायचीही तिची हिंमत होईना.

मग तोंड न वळवताच ताई म्हणाली, "माझी उघड."

"ताई, आठवडे लागतील."

"तुला उघडता येत नसेल तर मी चाचपडून उघडते."

धाकटीने उघडली. मेंढा धावत, आदळत, रानलोकांच्या वेशीशी पोचला. रखवालदाराने भाला आडवा धरला.

"काय म्हणतोय?"

"चालती हो म्हणतोय."

"शहाणा आहे. ओळखदेख नसताना मी तरी कुणाला घरात घेतलं असतं?" ताईने नाक पुसलं. "बटणं मी दाबणार. तू फक्त रस्ता सांग. आणि चिमे, जे असेल तेच सांगायचं."

"हो."

दोघी पाडसं शोधायला लागल्या. ताईचं बोट चुकायचं, बाई झाडावर जाऊन आपटायची आणि घोगरा हुंकार द्यायची. एक पाडस मिळालं. दुसरं हातातून सुटून ओढ्यात पडलं, त्याला परत काढलं. दोघींना ना जेवणाची आठवण, ना चहाची.

"आता काय लिहिलंय माझ्यापुढे?"

धाकटीने वाचलं. जिभेवर दुसराच शब्द आला होता, तो तिने गिळला. "अनोळखी."

"मघाशी?"

"मघाशीही तेच."

"बरं." ताई पुन्हा वाकली. मग तिने डोकं इकडे केलं, तिकडे केलं, हाताने स्क्रीनची कड चाचपली. "चिमे, जंगलात अंधार पडला का गं?"

जंगलात लख्ख दुपार होती. पानापानांवर ऊन नाचत होतं, आणि झाडाखाली एक पाडस उभं राहून आईला हाका मारत होतं. धाकटीने ताईकडे बघितलं. तो डोळा उघडाच होता आणि कशावरही ठरत नव्हता.

"नाही, ताई," ती म्हणाली. "उजेड आहे."

ताईचं बोट सरकत सरकत बाणांच्या बटणांवर आलं आणि तिथेच थांबलं.

"पाडस ओरडतंय," ताई म्हणाली. "डावीकडे की उजवीकडे?"

"डावीकडे."

ताईने बटण दाबलं.