बिबट्याचा उपास

"ह्या जिल्ह्यात आता एक तर त्यो बिबट्या ऱ्हाईल, न्हाईतर हा गुरुपादप्पा."

घोषणा भारदस्त होती. पण ती करताना गुरुपादप्पांच्या एकाच पायात चप्पल होती. दुसरी कुत्र्यानं नेली होती. शिवाय जिल्हाही नुकताच फुटून निघालेला, जेमतेम वर्षाचा होता.

"कोन्त्या जिल्ह्यात? उस्मानाबाद का लातूर?" पारावर बसलेल्या किशनरावांनी शंका काढली. "आधी ते ठरवा. त्यो तिकडं ऱ्हाऊ दे, तुमी हिकडं ऱ्हावा. दोघांचंबी भागंल."

गुरुपादप्पा हसले नाहीत. सकाळीच बिबट्यानं त्यांचा एक गोऱ्हा मारला होता.

रेणापूरच्या बाजारात त्यांनी उभा जन्म मापाडी म्हणून दुसऱ्यांची ज्वारी मापली. पोरबाळ नव्हतं. स्वतःचे म्हणावेत असे दोन गोऱ्हेच. देवणी वाणाचे, काळ्या-पांढऱ्या ठिपक्यांचे, तोंडाला तोंड जुळलेले. दुसरा कुणी जनावराचे दात बघतो, हे दोघांचे चेहरे शेजारी धरून बघत बसायचे. ही जोडी जुळवायला त्यांनी उदगीरपासून देगलूरपर्यंतचे बाजार पालथे घातले होते. आता जोडी उरली नव्हती. एक उरला होता.

मेलेल्याला त्यांनी रीतीप्रमाणं शेतात पुरलं. त्यांच्यात माणसालाही मातीच देतात, मग लेकरासारख्या जनावराला का नाही? कपाळाला विभूती लावली, बेलाचं पान ठेवलं, वर पोतंभर मीठ टाकलं आणि खड्ड्यावर दगड रचून बाभळीच्या काट्या अंथरल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी जाऊन बघतात तो काट्यांभोवती पंजेच पंजे. एका बाजूनं उकरायचा प्रयत्न झाला होता आणि काट्यानं रक्ताचा एक थेंबही वसूल केला होता. गुरुपादप्पांच्या चेहऱ्यावर कालपासूनचं पहिलं समाधान दिसलं.

"आपली शिकार खायाला आल्ता," ते बायकोला म्हणाले. "उपाशी गेला."

"मग?" शिवकांताबाईंनी विचारलं.

"मग काय? आता त्येला ह्या शिवारात एक घास मिळू द्यायचा न्हाई. त्यो मारील, म्या पुरीन. बघू कोन दमतंय."

जगात सूड घेण्याचे पुष्कळ प्रकार आहेत. शत्रूच्या ताटातलं ओढून पुरून टाकणं हा बहुधा गुरुपादप्पांनीच काढला. बिबट्यानं किशनरावांची शेळी मारली. किशनरावांच्या घरी मसाला वाटून तयार होता, पण गुरुपादप्पा फावडं आणि मीठ घेऊन आधीच पोचले. जन्मात मटणाचा वास न घेतलेल्या माणसानं शेळीला विभूती लावली. किशनराव महिनाभर बोलले नाहीत. मग बिबट्यानं कुत्रा मारला, चप्पल नेणारा तोच. त्यालाही गुरुपादप्पांनी बेलपान वाहिलं. सूड म्हटला की जुनी भांडणं मधे आणून चालत नाही.

पाऊस दुसऱ्या वर्षीही फिरकला नव्हता. नव्या जिल्ह्याला कलेक्टर आले, पाट्या आल्या, जीपगाड्या आल्या. जंगल तेवढं आलं नव्हतं. तरी जंगलाचा गार्ड आला. भुजंग त्याचं नाव, बदली होऊन किनवटहून आलेला. हातात एक काठी, डोक्याला टोपी, आणि जिल्ह्यात सांभाळायला जनावर एकच. बिबट्याची बातमी लागली तेव्हा त्याच्या साहेबांना मुलगा झाल्यासारखा आनंद झाला होता.

"आप्पा, हे पुरायचं बंद करा," भुजंग म्हणाला. "तिकडं सगळं वाळून गेलं म्हनून ते मांजरा नदीच्या डोहावर पान्याला आलंय. पाऊस पडला की जाईल. एकदा मारलं की चार दिवस त्याच्यावरच बसतंय. आमच्याकडं, माहूरच्या रानात, लोक मारलेलं जनावर हलवीत न्हाईत. तुमी त्याचं ताट उचलून राहिले, मग ते दुसरं मारून राहिलं."

"माज्या लेकराला त्याचं ताट म्हनू नगा."

"न्हाई म्हनत. पर भूक कुनाची थांबली का सांगा."

"थांबंल. मरंल तवा थांबंल."

"आन् तवर?"

"तवर मीठ हाय घरात."

त्याच आठवड्यात बिबट्या गोठ्याचं कूड फोडून आत शिरला आणि दुसरा गोऱ्हा ओढून ओढ्यात घेऊन गेला.

शिवकांताबाई रडल्या नाहीत. त्यांनी फावडं नवऱ्याच्या पुढ्यात आणून टाकलं. "घ्या. पुरा ह्येलाबी. मंग मला पुरा. त्येला तुमीच उपाशी ठिवून घरापस्तोर आनला."

गुरुपादप्पांनी फावड्याला हात लावला नाही. ते बाजारात गेले आणि पिकावर मारायच्या इंड्रिन विषाचा डबा घेऊन आले. आता सूड सरळ होता. गोऱ्हा पुरायचा नाही, आहे तिथंच राहू द्यायचा. बिबट्या येईल, खाईल आणि ओढ्यातच आडवा होईल. आपण काठावर बसून बघायचं. येताना वाटेत ते एकदा हसलेही म्हणतात.

दिवस कलताना भुजंग ओढ्यावर आला. गुरुपादप्पा गोऱ्ह्याच्या डोक्याशी मांडी घालून बसले होते. डबा मांडीवर, झाकण उघडं. हातानं माश्या वारणं चालू होतं.

"आप्पा, काय करायलाव हे?"

"दिसत न्हाई का?"

"ते वतलंत तर मला तुमाला धरून न्यावं लागंल. कायदा हाय."

"न्या. मानूस उपाशी मेला तर कायदा न्हाई तुमचा. ह्या चोराला कायदा." ते डब्याकडे बघत होते. "दुपारधरनं बसलोय. तोंड उघडून धरलं ह्येचं. वतायचंच म्हनलं. ह्या तोंडाला म्या कधी शिळं पानी लावलं न्हाई, गार्डसाहेब. पार डोहापस्तोर जाऊन कावडीनं आनायचो. आन् आता ह्येच्या तोंडात हे वतू?"

भुजंग पुढं झाला. त्यानं हळूच डबा उचलला, झाकण लावलं. गुरुपादप्पांनी उचलू दिला.

"त्येला मी माफ केलं न्हाई," ते म्हणाले. "लिहून घ्या पायजे तर. त्येचं वाटोळं व्हईल. खाताना हाड अडकंल नरड्यात."

"हाव."

"पर आज खाऊ दे. पुरीत न्हाई. उद्या किशनरावाची म्हैस न्हेईल न्हाईतर."

"हाव, आप्पा. चला आता. आपन बसलाव तवर ते यायचं न्हाई."

गुरुपादप्पा उठले नाहीत. अंधारून यायला अजून थोडा वेळ होता. पलीकडच्या काठावर टिटवी ओरडत होती. भुजंगला वाटलं, आता हा माणूस पिंजरा मागणार, बंदूक मागणार, निदान साहेबांना गावात आणा म्हणणार.

"गार्डसाहेब, येक काम सांगू का?"

"सांगा की."

"त्यो येईस्तोर जरा तुमी माश्या हाकलता का? माजा हात भरून आलाय."