हेल्मेटखालचा कोंबडा

पितळी गडव्याच्या काठावर ओला कंगवा दोनदा टेकला की टक्, टक् असा जो नाजूक नाद उठतो, तो माझ्या संसारातल्या सकाळींचा पहिला सूर होता. हिवाळ्यातली पहाट, पत्र्याच्या छपरावरून ठिबकणारं दव, चुलीत नुकतीच धरलेली लाकडं, आणि दारातल्या तांबूस उजेडात, खिळ्याला अडकवलेल्या तळहाताएवढ्या आरशापुढे किंचित वाकून उभे असलेले आमचे हे. आधी पाणी, मग चमेलीच्या तेलाचे दोन थेंब, मग कंगवा. आणि शेवटी डाव्या हाताचा पंजा कपाळाशी आडवा धरून उजव्या हाताने केसांची ती लाट वर, मागे, पुन्हा थोडी पुढे अशी वळवायची की तिने दिवसभर खाली यायचं नाव काढू नये. एवढी निगा मी कधी भाकरीचीही राखली नाही. कारखान्याचा भोंगा होईपर्यंत हा सोहळा चालायचा आणि चहा गार व्हायचा.

कपाळावर असे उभारलेले केस म्हणजे कोंबडा. शब्द साधा, बाजारातला, थोडा थट्टेतला. पण आमच्या खोल्यांच्या रांगेत त्याचे अर्थ वाढतच गेले. तेव्हा भिलाईचा कारखाना अजून उभा राहत होता. जिथे पुढे लोखंड वितळलं, तिथे नुसते सांगाडे होते, मुरमाची तांबडी धूळ होती आणि देशभरातून आलेली माणसं होती. रुआबांध्याच्या बाजूला पत्र्याच्या खोल्यांच्या रांगेत आम्ही राहत होतो. हे रिगर होते. म्हणजे लोखंडाचे अजस्र गर्डर साखळदंडांनी बांधायचे आणि खाली उभं राहून, वर बसलेल्या क्रेनवाल्याला हाताच्या खुणांनी सांगायचं. यंत्रांच्या त्या गदारोळात शब्दाला किंमत नव्हती. मूठ आवळली की थांब. तर्जनी आकाशाकडे करून हळूहळू गोल फिरवली की वर घे, सावकाश वर घे. ती सवय घरातही आलेली. जेवताना आणखी भाकर हवी असली तरी तर्जनी वर होऊन फिरायची, आणि मी चिडून म्हणायची, "मी का क्रेन हाव?"

कामावर डोक्यात हेल्मेट घालावं लागे. घरून निघताना ते हातात असायचं. फाटकाशी पोचल्यावर, अगदी नाइलाजाने, मयताच्या तोंडावर चादर ओढावी तशा हळव्या हाताने ते कोंबड्यावर चढायचं. शेजारच्या पार्वताबाई, शेतीवाडी सोडून आलेल्या घरातल्या, जिभेला हाड नसलेल्या पण मनाने लोण्यासारख्या, रोज विचारायच्या, "काहो, झाकला का कोंबडा?" म्हणजे नवरा ड्यूटीवर गेला का. संध्याकाळी विचारायच्या, "उघडला का?" म्हणजे आला का. कोणी उदास असला की रांगेतली माणसं म्हणत, आज याचा कोंबडा बसला आहे. कुणाला मुलगा झाला, क्वार्टर मिळालं की म्हणत, कोंबडा उभा हाय त्याचा. डोक्याला एकही केस नसलेल्या फोरमनच्या बाबतीतही हे म्हटलं जायचं. आणि मला तर या शब्दाने मोठीच सोय केली. नवऱ्याचं नाव घ्यायचं नाही अशी माझी माहेरची शिकवण. रांगेने ठेवलेलं हे नाव घ्यायला मात्र कुणाची हरकत नव्हती.

पण या हसऱ्या शब्दाच्या तळाशी एक काळा गाळ होता, आणि तो मला माझ्या नणंदेने सांगितला, यांनी कधीच नाही. भंडाऱ्याकडच्या आमच्या गावात न्हावी आमच्या वस्तीला हात लावत नसे. बैलाचं अंग तो कातरून देई, आमच्या माणसाचं डोकं नाही. म्हणून दर आठवड्याला चिंचेखाली माझे सासरे, आमचे मामाजी, बसायचे आणि वस्तीतली एकूण एक डोकी करायचे. त्यांच्याजवळ शिंगाच्या मुठीचा एक वस्तरा होता आणि हात असा स्थिर की झोपलेल्या लेकराचं जावळ काढलं तरी ते जागं होत नसे. स्वतःचं मात्र ते स्वतःच करायचे, काशाच्या ताटलीतल्या पाण्यात बघून. साऱ्या आयुष्यात त्यांच्या डोक्याला दुसऱ्या माणसाचा वस्तरा लागला नव्हता.

हे अठरा-एकोणीस वर्षांचे असताना भंडाऱ्याच्या बाजारातून कोंबडा काढून गावात आले. तो कोंबडा चावडीवरच्या मंडळींच्या डोळ्यांत खुपला. असल्या लोकांच्या डोक्यावर तुरा कशाला, असं म्हणून त्यांनी बापलेकांना बोलावलं आणि बापालाच हुकूम केला: उतरव. नाहीतर रात्री वस्तीचं काय होईल सांगता येत नाही. मामाजींनी उतरवला. गावासमोर, भर दुपारी, त्याच वस्तऱ्याने, त्याच स्थिर हाताने. माझी नणंद म्हणायची, त्या दिवशी बाचा हात एकदाही थरथरला नाही, अन् दादाले त्याचाच राग आला. दुसऱ्या दिवशी यांनी गाव सोडलं. आमचं लग्न माझ्या माहेरी, तुमसरला झालं. मामाजी मांडवात मागे उभे राहिले, बापलेकांत एक शब्द झाला नाही.

म्हणून आमची थोरली जन्मली तेव्हा मी एक आगाऊपणा केला. सातवी पास होते, अक्षर बरं होतं. यांना न विचारता मामाजींना पत्र टाकलं की नात बघायला या. आणि फाल्गुनात, पळस पेटलेला असताना, दुर्गला पॅसेंजरमधून उतरून धुळीची वाट तुडवत ते खरंच आले. काखेत एक गाठोडं, अंगात स्वच्छ बंडी, डोक्याला पटका. यांनी वाकून पाया पडल्यासारखं केलं आणि बाहेर निघून गेले. मामाजींनी नातीला मांडीवर घेतलं आणि ते तिच्या जावळावरून बोट फिरवत राहिले.

पाच दिवस घरात दोन पुरुष होते आणि संवाद शून्य. हे आरशापुढे उभे राहिले की मामाजी उठून अंगणात जायचे. टक्, टक् ऐकू आलं की त्यांचे खांदे आखडायचे. मी बावळटासारखी दोघांच्या मधे भाकरी वाढत राही आणि पत्र पाठवल्याचा पश्चात्ताप करी. हे बापाला कधी माफ करणार आहेत की नाहीत, एवढाच प्रश्न त्या पत्र्याच्या खोलीत उन्हासारखा तापत होता. मामाजी तसेच परत गेले असते तर पुन्हा आले नसते, हे मला कळत होतं.

सुट्टीच्या सकाळी हे अचानक, बापाकडे न बघता, मला म्हणाले, "बाले सांग, पटका बांधू नोको म्हणा. बिसाहूकडं जाऊन राहिलो."

बिसाहू म्हणजे आमचा केस कापणारा. बाजाराच्या वाटेवर चार बांबूंवर टाकलेला पत्रा, फिरणारी एक लाकडी खुर्ची आणि माणूस कमरेपर्यंत दिसेल एवढा आरसा. पंजाबी, तेलुगू, बंगाली, आमचे, सगळे त्याच खुर्चीत बसत. मला वाटलं, हे सूड उगवायला नेतात. चारचौघांत बापाचं डोकं उतरवायला. भाजीची पिशवी घेतली, लेकीला कडेवर घेतलं आणि मी मागोमाग निघाले.

मी समोर, चार पावलांवरच्या भाजीवालीजवळ उभी राहिले आणि वांगी निवडायचं सोंग केलं. मामाजी खुर्चीपाशी पोचले आणि खाली, जमिनीवरच उकिडवे बसले. यांनी दंडाला धरून उठवलं, खुर्चीत बसवलं. खुर्ची जराशी फिरली तसे त्यांनी खुर्चीचे दोन्ही हात गच्च धरले. बिसाहूने साबणाचा फेस केला आणि वस्तरा परजायला पाठ वळवली. तेवढ्यात मामाजींनी बंडीच्या आतून एक चिंधी काढली, तिच्यातून आपला शिंगाच्या मुठीचा वस्तरा काढला, बिसाहूचा फेस बोटांनी गालाला लावला आणि आरशात बघत स्वतःची दाढी करायला सुरुवात केली. त्यांना वाटलं, आरसा मिळाला, फेस मिळाला, बसायला जागा मिळाली. याहून अधिक कोणी काय देणार? दुसऱ्याने आपलीही दाढी करायची असते, ही गोष्ट त्या माणसाला ठाऊकच नव्हती.

बाकावर बसलेले दोघे-तिघे हसले. मी हसले नाही. तो वस्तरा मी पहिल्यांदाच बघत होते, पण ओळखला. आणि यांनीही ओळखला. कारण यांचा उजवा हात आपोआप वर गेला आणि मूठ आवळली गेली. थांब. आरशात ती मूठ बघून मामाजींचा हात गालावरच थिजला.

बिसाहू वळला. त्याने काय ते एका नजरेत जाणलं असावं, कारण तो हसला नाही. मामाजींचं मनगट धरून हळूच खाली केलं आणि आपल्या छत्तीसगढीत म्हणाला, "तैं बइठ ना बबा. मोर काम मोला करन दे." तू बस, माझं काम मला करू दे. मामाजी पुटपुटले, "आमी गावात..." बिसाहूने त्यांच्या गळ्याभोवती पांढरं फडकं बांधलं, गाठ मारली आणि मगच म्हणाला, "गांव म महूं नइ काटत रहेंव, बबा. इहां काटथों."

गावात मीही कापत नव्हतो, इथे कापतो. इतकं सरळ मी त्याआधी कुणाला बोलताना ऐकलं नव्हतं. यांनी बापाच्या हातातला वस्तरा काढून घेतला. क्षणभर तो यांच्या तळहातावर उघडा होता. मग यांनी तो आपल्या शर्टाला पुसला, मिटला आणि खिशात टाकला.

बिसाहूने जीव ओतून काम केलं. दाढी, मान, कानामागचे केस. मध्येच बोटांनी हनुवटी वर करायचा, तेव्हा मामाजी लेकरासारखी मान उचलायचे. डोळे मिटलेले. मिटलेल्या डोळ्यांतून पाणी येऊन फेसात मिसळत होतं आणि बिसाहू ते फेसासकट पुसून घेत होता. दुसऱ्याच्या हातात डोकं देऊन निर्धास्त बसणं काय असतं, ते त्यांना साठीच्या घरात कळत होतं. शेवटी आरशात बघून ते म्हणाले, "लय गुळगुळीत करते हा. मायाहून चांगला हात हाय."

मग ते उतरले आणि लेकाला म्हणाले, "तू बस."

हे बसले. का बसले, ते मी पुढे अनेकदा विचारलं. कधी सांगितलं नाही. मामाजींनी बिसाहूचा कंगवा उचलला. वाटेतल्या वाऱ्याने यांचा कोंबडा एका अंगाला कलला होता. मामाजींचा तो प्रसिद्ध स्थिर हात आता थरथरत होता, समोरच्या रस्त्यावरून मला दिसत होता. "मायाच हातानं गेला होता ना हा," ते म्हणाले, "तवा वस्ती जळन म्हून भेलो होतो, बापू. कसा काढतेत, तू सांग."

हे आरशात बापाकडे बघत राहिले. मला वाटलं, आता उठतील. आणि मग पांढऱ्या फडक्याखालून यांचा हात बाहेर आला, तर्जनी आकाशाकडे झाली आणि हळूहळू गोल फिरू लागली. वर घे. सावकाश वर घे. मामाजींनी घेतला. चुकत, पुन्हा विंचरत, पाणी लावत, बिसाहूच्या सूचना ऐकत, बापाने लेकाचा कोंबडा वर घेतला. मी वांग्यांच्या टोपलीपाशी उभी राहून हमसून हमसून रडले आणि भाजीवालीने घाबरून मला दोन वांगी जास्तीची दिली.

कोंबडा वेडावाकडाच झाला होता. पण दुसऱ्या दिवशी हे तो न विंचरताच कामावर गेले, हेल्मेट फाटकापर्यंत हातात धरून. पार्वताबाईंनी बघितलं आणि म्हणाल्या, "काहीबी म्हण बाई, कोंबडं झाकलं म्हून तांबडं फुटायचं राह्यते का?" मामाजी त्यानंतर दर फाल्गुनात येत राहिले, उतरले की आधी बिसाहूकडे, मग घरी. वस्तरा त्यांनी परत मागितला नाही.

आता मामाजी नाहीत, बिसाहूची खुर्ची नाही, आणि चार पावसाळे झाले, हेही नाहीत. शेवटी कोंबडा पांढरा झाला होता, विरळ झाला होता, पण बसला नव्हता. हेल्मेट दारामागे खिळ्यावर आहे. वस्तरा माझ्या शिवणाच्या डब्यात असतो. चुकलेले टाके उसवायला त्याच्यासारखं दुसरं काही नाही. परवा नातू आरशापुढे उभा राहून कसलंसं मलम लावून केस वर करत होता. मला म्हणाला, "आजी, देख ना, कैसा लग रहा?" त्याच्या पिढीचा शब्द वेगळा आहे, मला तो उच्चारता येत नाही. मी म्हटलं, कोंबडा छान आला. तो हसला, स्वतःच्या केसांसाठी हा शब्द त्याने कधी ऐकला नव्हता.

तो गेल्यावर मी गडवा घेतला, त्याचा कंगवा पाण्यात बुडवला आणि काठावर दोनदा टेकवला. टक्, टक्. घर तेवढंच रिकामं राहिलं, आणि तरीही माझी तर्जनी आपोआप वर झाली. गेलेल्या माणसाची आठवण अशीच वर घ्यायची असते, ओढून नाही, सावकाश.